लग्न झालं? मग उद्यापासून येऊ नका

आजचा भाग जरा कोर्टकचेरीचा आहे. घाबरू नका, कलमं पाठ करायला लावणार नाही. एका नियमाची गोष्ट सांगते. नियम एका ओळीचा होता: बाई कामगाराने लग्न केलं की तिची नोकरी आपोआप संपली. आणि आपोआप म्हणजे खरंच आपोआप. चौकशी नाही, कामात काय चुकलं हा प्रश्न नाही. इकडे अक्षता पडल्या, तिकडे हजेरीपटावरून नाव गेलं.

हा नियम कुठल्या संस्थानातला नव्हता. आपल्या मुंबईतल्या एका औषध कंपनीतला होता आणि स्वातंत्र्य मिळून दीड दशक उलटलं तरी सुरू होता. कंपनीचं नाव इंटरनॅशनल फ्रँचायझेस. बायका पॅकिंग खात्यात कामाला होत्या. तयार झालेलं औषध कुप्यांत भरायचं, लेबलं चिकटवायची, खोकी बांधायची. तुम्ही आम्ही आजही मेडिकलमधून जे पाकीट आणतो, ते कुणीतरी असंच भरलेलं असतं.

या बायकांच्या वतीने बॉम्बे लेबर युनियन भांडली. म्हणणं साधं होतं, की ही अट काढा. प्रकरण औद्योगिक लवादाकडे गेलं. लवादाने मागणी फेटाळली. युनियन थेट सुप्रीम कोर्टात पोचली आणि १९६५ साली निकाल लागला. न्यायमूर्ती वांच्छू यांनी लिहिलेला हा निकाल अगदी छोटा आहे, मोबाईलवर चहा संपेपर्यंत वाचून होईल. मी तो दोनतीनदा वाचलाय, कारण त्यातला युक्तिवाद मला फार आवडतो.

कंपनीचं म्हणणं होतं, आमच्याकडे काम गटाने चालतं. एक जण आली नाही की सगळ्यांचं काम अडतं. आणि लग्न झालेल्या बायका जास्त दांड्या मारतात. कोर्टाने विचारलं, हे कशावरून? दांड्या मुलांमुळे होतात म्हणायचं, तर मुलं असलेल्या विधवाही तुमच्याकडे काम करतातच की. त्यांना तुम्ही काढत नाही. रजा तर सगळ्यांनाच मिळते, लग्न झालेलं असो नसो. मग फरक उरला किती? फक्त बाळंतपणाच्या रजेचा. आणि तेवढ्यासाठी बदली म्हणून दोनचार बायका जास्तीच्या ठेवल्या की काम भागतं. त्यासाठी सगळ्या विवाहित बायकांना घरी पाठवण्याचं कारण आम्हाला पटत नाही. अट रद्द.

बघा, यात मोठमोठे शब्द कुठे नाहीत. एखाद्या हुशार सुपरवायझरने हिशोब करावा तसा हा निकाल आहे. तो हिशोब खासगी कंपनीला लागू झाला, कारण भांडण औद्योगिक वादाच्या कायद्याखाली होतं आणि मागे युनियन होती. कंपनी म्हणाली असती की आमचा करार, आमच्या अटी, कोर्टाने मध्ये पडू नये. कोर्टाने सांगितलं, नोकरीच्या अटी ठरवण्याचं मालकाचं स्वातंत्र्य अमर्याद नाही. ज्यांना वाटतं युनियन म्हणजे फक्त बोनस आणि संप, त्यांनी हे प्रकरण लक्षात ठेवावं.

पण त्या निकालातली बाळंतपणाच्या रजेची गोष्ट तिथेच सोडून चालणार नाही. सगळी मेख तिथे आहे.

थोडं मागे जाऊ. मुंबई इलाख्यात १९२९ साली बाळंतपणाच्या भत्त्याचा कायदा झाला. गिरणीत काम करणाऱ्या बाईला बाळंतपणाच्या आधी आणि नंतर काही आठवडे पगारी विश्रांती. हे विधेयक रा. सा. आसवले यांनी मुंबईच्या कायदे कौन्सिलात मांडलं होतं आणि १९२८ साली त्याला पाठिंबा देताना डॉ. आंबेडकरांनी भाषण केलं होतं. कायदा चांगला होता, यात वादच नाही. प्रश्न एवढाच, की पैसे कुणी द्यायचे? उत्तर ठरलं, मालकाने. मग मालकाच्या डोक्यात काय हिशोब सुरू होणार? लग्न झालेली बाई म्हणजे खर्च. तरुण, लग्नाला आलेली मुलगी म्हणजे उद्याचा खर्च.

१९४८ च्या कर्मचारी राज्य विमा कायद्याने यातून एक वाट काढली होती. तिथे मालक आणि कामगार दोघं वर्गणी भरतात आणि भत्ता विम्याच्या निधीतून जातो, म्हणजे एकट्या मालकावर भार येत नाही. पण जे लोक त्या विम्याबाहेर आहेत, त्यांच्यासाठी १९६१ चा प्रसूती लाभ कायदा आला आणि तिथे पुन्हा पैसे मालकाच्याच खिशातून. २०१७ मध्ये रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवडे झाली. आपण सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. खर्चाचा वाटा मात्र होता तिथेच राहिला.

म्हणून हा भाग ऐकताना एक शब्द डोक्यात ठेवा: दार. कायद्याने दाराच्या आतल्या बाईला हळूहळू संरक्षण दिलं. दारातच थांबवलेल्या बाईला काय दिलं, ते आता बघू.

तुम्ही म्हणाल, खासगी मालक तसेच, सरकार तरी बरं असेल. ऐका तर मग.

सी. बी. मुथम्मा. कर्नाटकातल्या कोडगूच्या. भारतीय परराष्ट्र सेवेत आलेल्या पहिल्या महिला अधिकारी, १९४९ साली रुजू झाल्या. सेवेत येताना त्यांच्याकडून लिहून घेतलं होतं, की लग्न केलं तर राजीनामा देईन. पुढे १९६१ साली या सेवेचे नियम कागदावर आले, त्यात हेच जरा सभ्य भाषेत होतं. महिला अधिकाऱ्याने लग्नाआधी सरकारची लेखी परवानगी घ्यायची. लग्नानंतर घरच्या जबाबदाऱ्या कामाच्या आड येतील असं सरकारला वाटलं तर तिला राजीनामा द्यायला सांगता येईल. दुसऱ्या एका नियमात म्हटलं होतं, विवाहित स्त्रीला या सेवेत नेमणुकीचा हक्क असणार नाही. पुरुषांसाठी असलं काही नाही. राजदूत होऊन जाणाऱ्या गृहस्थांचं लग्न झालेलं असलं तर उलट चांगलंच, पाहुण्यांचं बघायला घरी कुणीतरी आहे!

प्रशासकीय सेवेतही तीच तऱ्हा. अण्णा राजम मल्होत्रा १९५१ साली आयएएसमध्ये आल्या, तेव्हा त्यांच्या नेमणुकीच्या आदेशातच लग्न केल्यास सेवा संपेल अशी अट होती. नियम नंतर बदलला, त्यांनी लग्नही केलं. न्हावाशेवाचं बंदर उभं राहिलं ते त्यांच्या कारकिर्दीत. उरण-पनवेलकडच्या मंडळींनी बंदराकडे जाणारे कंटेनर बघताना ही अट आठवून बघावी.

ही खोड आपल्याकडे आली ती साहेबाकडून. ब्रिटनमध्ये देशांतर्गत नागरी सेवेतली अशी बंदी १९४६ साली उठली, परराष्ट्र सेवेतली १९७३ पर्यंत टिकली. आयर्लंडच्या नागरी सेवेतलीही १९७३ मध्ये गेली. म्हणजे आपण एकटेच मागास होतो असं नाही. पण आपल्याकडे १९५० पासून संविधान होतं, त्यात समानतेची कलमं होती, आणि तरीही १९६१ साली कुणीतरी दिल्लीत टेबलावर बसून हे नियम नव्याने लिहिले. मला त्या माणसाचं नवल वाटतं.

मुथम्मांना बढती डावलली गेली तेव्हा त्या सुप्रीम कोर्टात गेल्या. सुनावणी होईपर्यंत सरकारने घाईघाईने बढती देऊन टाकली आणि कोर्टाला सांगितलं की एक नियम काढलाय, दुसरा काढतोय. म्हणजे आता भांडण उरलंच नाही ना! सप्टेंबर १९७९ मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी अर्ज निकाली काढला. पण लिहिताना सोडलं नाही. घरच्या जबाबदाऱ्या बाईच्या कामाच्या आड येऊ शकतात तर पुरुषाच्याही येऊ शकतात, मग नियम एकीलाच का, असं त्यांनी स्पष्ट विचारलं. आणि शेवटी म्हटलं, की आम्ही अर्ज फेटाळतोय, प्रश्न फेटाळत नाही.

दोनच वर्षांनी तोच प्रश्न पुन्हा आला, यावेळी विमानातून.

एअर इंडियाचं मुख्य ऑफिस तेव्हा मुंबईत होतं, नरिमन पॉइंटला. तिथल्या हवाई सुंदऱ्यांचा (हा शब्द मला अजिबात आवडत नाही, पण तेव्हा सगळे हाच वापरायचे) निवृत्तीचा नियम असा: वयाची ३५ वर्षं, किंवा नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न केलं तर लग्न, किंवा पहिलं गरोदरपण, यातलं जे आधी होईल ते. त्याच विमानात, त्याच प्रवाशांना जेवण देणारे पुरुष फ्लाइट पर्सर मात्र ५८ व्या वर्षी निवृत्त होणार. पस्तिशीनंतर बाईला मुदतवाढ मिळायची, पण ती मॅनेजिंग डायरेक्टरच्या मर्जीवर.

नर्गेश मीर्झा आणि त्यांच्या सहकारी मुंबई उच्च न्यायालयात गेल्या. प्रकरण सुप्रीम कोर्टाने आपल्याकडे घेतलं आणि ऑगस्ट १९८१ मध्ये निकाल दिला. निकाल अर्धा गोड, अर्धा कडू. गरोदरपणाची अट रद्द झाली. कोर्टाने तिला क्रूर म्हटलं, भारतीय स्त्रीत्वाचा उघड अपमान म्हटलं. मॅनेजिंग डायरेक्टरची मर्जीही गेली. पण चार वर्षं लग्न करायचं नाही ही अट? ती कोर्टाने योग्य ठरवली! कारणं काय, तर मुली १९ ते २६ वयात भरती होतात, चार वर्षांनी त्या जास्त परिपक्व होतात, लग्न यशस्वी होण्याची शक्यता वाढते, आणि हे देशाच्या कुटुंबनियोजनाच्या कार्यक्रमालाही धरून आहे. शिवाय कंपनीचा प्रशिक्षणाचा खर्च वाचतो.

थांबा, हे पुन्हा एकदा ऐका. लग्न कधी करावं हे कंपनीने ठरवलं आणि देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने त्याला कुटुंबनियोजनाचं कारण जोडून दिलं. पुरुष पर्सरच्या लग्नाची परिपक्वता कुणी मोजली नाही.

हे कसं जमलं? एका शब्दामुळे. संविधानाचं कलम १५ म्हणतं, राज्य 'केवळ' धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान या कारणांवरून भेदभाव करणार नाही. कोर्टाने त्या 'केवळ'वर बोट ठेवलं. हा भेदभाव केवळ लिंगावरून नाही, लिंग अधिक इतर गोष्टी, म्हणजे वेगळी भरती, वेगळ्या अटी, वेगळा संवर्ग, यावरून आहे. म्हणून चालेल. आता तुम्हीच सांगा, बायकांची भरती वेगळी, अटी वेगळ्या, हे केलं कुणी? कंपनीनेच ना? आधी दोन वेगळ्या रांगा लावायच्या आणि मग म्हणायचं, रांगा वेगळ्या आहेत म्हणून वागणूक वेगळी.

हा युक्तिवाद पुढे कितीतरी वर्षं टिकला. २०१८ साली समलैंगिकतेच्या नवतेज जोहर खटल्यात न्यायमूर्ती चंद्रचूड यांनी आपल्या निकालपत्रात या जुन्या वाचनावर कडक टीका केली, तेव्हा कुठे त्याची धार गेली.

कलम १५ आणि नोकरीबद्दलचं कलम १६ पुन्हा एकदा उघडून बघा. धर्म आहे, जात आहे, लिंग आहे. 'वैवाहिक स्थिती' हे शब्द कुठेही नाहीत. म्हणून दर वेळी प्रत्येक बाईला कोर्टात हे पहिल्यापासून सिद्ध करावं लागलं, की लग्नावरून काढणं म्हणजेच स्त्री म्हणून काढणं. स्त्रियांविरुद्धचा भेदभाव संपवण्याच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारात वैवाहिक स्थितीचा उल्लेख स्पष्ट आहे, लग्नावरून नोकरीतून काढायला मनाई आहे. त्या करारावर भारताने १९९३ साली शिक्कामोर्तब केलं. पण आपल्या कायद्याच्या पुस्तकात ते शब्द उतरले नाहीत.

हे सगळं फार जुनं वाटत असेल तर एक ताजं प्रकरण सांगते. लष्करी परिचर्या सेवेतल्या एका अधिकारी नर्सला १९८८ साली सेवेतून मुक्त केलं गेलं. कारण, लग्न. ज्या १९७७ च्या लष्करी सूचनेखाली हे झालं, ती १९९५ मध्ये मागे घेतली गेली. बाईंचं भांडण चालूच राहिलं. फेब्रुवारी २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलं, हा नियम उघडउघड मनमानी होता, पुरुषप्रधान होता, आणि ६० लाख रुपये भरपाई द्या. १९८८ ते २०२४. छत्तीस वर्षं. माझ्या ऐकणाऱ्यांपैकी बहुतेकांचा जन्म या दोन तारखांच्या मधला असेल.

आता दाराकडे येऊ. वरची सगळी प्रकरणं आत असलेल्या बायकांची होती. हातात नेमणूकपत्र होतं, काढल्याचा कागद होता, म्हणून कोर्टात जाता आलं. मुलाखतीतच गाळलं तर? कागद कुठून आणणार?

१९९१ चं आयुर्विमा महामंडळाचं प्रकरण यातलं एक दुर्मीळ उदाहरण, कारण तिथे प्रश्न छापील फॉर्मवर होते. नोकरीला लागणाऱ्या बाईला शेवटची पाळी कधी आली, पाळी नियमित आहे का, किती वेळा गरोदर राहिलात, हे लिहून द्यावं लागे. एका परिविक्षाधीन कर्मचारी बाईंना खोटी माहिती दिली म्हणून काढलं. सुप्रीम कोर्टाने त्यांना परत घ्यायला लावलं आणि फॉर्ममधले असले रकाने काढायला सांगितले. छापील होतं म्हणून सापडलं. आज तो प्रश्न हसत हसत विचारतात: "मग, लग्नाचं काय प्लॅनिंग?"

जून २०२४ मध्ये रॉयटर्सने बातमी दिली, की चेन्नईजवळ श्रीपेरुंबुदूरला आयफोन जोडणाऱ्या फॉक्सकॉनच्या कारखान्यात विवाहित बायकांना भरतीतच टाळलं जातं. कंपनीने आरोप नाकारला. केंद्राच्या कामगार मंत्रालयाने तामिळनाडूकडे अहवाल मागितला आणि १९७६ च्या समान वेतन कायद्याचा हवाला दिला, ज्यात भरतीत स्त्रियांशी भेदभाव करायला बंदी होती. पण इथेही तीच गाठ. कारखान्यात बायका भरपूर असतील तर मालक म्हणणार, आम्ही तर बायकाच घेतो! १९६५ च्या पॅकिंग खात्यात तरी काय वेगळं होतं?

बरं, नोकरीला बाई बिनलग्नाची हवी. घराला? घराला नेमकं उलटं. ब्रोकरचा पहिला प्रश्न तुम्हाला पाठ असेल. "फॅमिली की बॅचलर?"

गंमत म्हणजे मुंबई हे शहर वाढलं ते एकट्या राहणाऱ्यांच्या जिवावर. गिरणगावात एका खोलीत रत्नागिरीचे, साताऱ्याचे कितीतरी पुरुष दाटीवाटीने राहायचे. पाळ्या वेगळ्या, म्हणून एकच जागा आलटूनपालटून झोपायला. बायको-मुलं गावी. जेवायला खाणावळ, आणि ती चालवणारी बाई बहुतेक वेळा त्याच चाळीतली, कुणाची तरी बायको किंवा विधवा. याच खाणावळवाल्या बायकांना एकत्र करून प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. लग्न झालेले पण एकटे राहणारे हे हजारो लोक नसते तर त्या गिरण्या चाललीच नसत्या. त्यामुळे कुणी सांगितलं की बॅचलर ठेवायचे नाहीत ही आपली परंपरा आहे, तर हसून पुढे जा.

एकट्या पुरुषाला निदान गाळा होता. एकट्या नोकरदार बाईला तेही नव्हतं. तिच्यासाठी वसतिगृह हाच मार्ग. केंद्र सरकारने नोकरदार महिलांच्या वसतिगृहांची योजना १९७२-७३ मध्ये सुरू केली. छान योजना. पण तिच्यामागे एक कबुलीही आहे, की एकट्या बाईला बाजारात खोली मिळत नाही.

आता कायदा. भाड्याच्या घराबद्दलचा आपला कायदा आतल्या माणसाचा कैवारी राहिलाय. १९४७ च्या मुंबई भाडे कायद्याने भाडेकरूला मालक सहजासहजी बाहेर काढू शकत नव्हता. भाडेकरू वारला तरी त्याच्यासोबत राहणाऱ्या कुटुंबातल्या माणसाचा हक्क चालू राहायचा. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याने तर लग्नासारख्या नात्यात राहणाऱ्या बाईलाही त्या घरात राहण्याचा हक्क दिला. घरात शिरलेली बाई, मग लग्नाचं प्रमाणपत्र नसलं तरी, कायद्याला दिसते. गेटवर उभी असलेली दिसत नाही.

संविधानात गेट कुठे आहे ते शोधायचं तर कलम १५ चा दुसरा भाग वाचा. दुकानं, उपाहारगृहं, हॉटेलं, विहिरी, तलाव, रस्ते इथे कुणालाही अडवता येणार नाही. हे खासगी माणसांनाही लागू आहे. 'तलाव' हा शब्द वाचला की मराठी माणसाला महाडचं चवदार तळं आठवतंच, १९२७ चं. या यादीत राहतं घर मात्र नाही. आणि घर न मिळणं म्हणजे काय, हे आंबेडकरांइतकं कुणाला ठाऊक होतं? १९१७ मध्ये ते बडोद्याला नोकरीसाठी गेले, राहायला जागा मिळेना, नाव लपवून पारशी धर्मशाळेत उतरले, लोक काठ्या घेऊन आले आणि त्यांना बाहेर काढलं. शेवटी बडोदाच सोडावं लागलं. जातीचा तो अनुभव आणि आजच्या बॅचलरची अडचण मी एका तराजूत घालत नाहीये. पण घर गेलं की नोकरीही जाते, हा धागा तिथे स्वच्छ दिसतो.

आणखी एक कळीची गोष्ट, जी आपल्या पिढीला रोज भोवते. भाडे कायद्यामुळे मालक घाबरले, की भाडेकरू एकदा आत आला की जाणार नाही. पागडी आली, मग लीव्ह अँड लायसन्स आलं. १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने त्याला पक्की चौकट दिली: करार लेखी आणि नोंदणीकृत हवा, मुदत संपली की जागा सोडायची. रिवाज पडला ११ महिन्यांचा. याचा अर्थ लक्षात घ्या. आजीच्या काळचा भाडेकरू एकदा आत शिरला की आत. तुम्ही दर ११ महिन्यांनी पुन्हा दारात उभे. मधल्या काळात घटस्फोट झाला, जोडीदार बदलला, मूल झालं, तर मालकाला काढायची गरजच नाही. करार वाढवायचा नाही, बस. कारण सांगायचं बंधन नाही.

सोसायट्यांचं म्हणाल तर त्यांचा रुबाब त्यांच्या अधिकारापेक्षा मोठा आहे. घर मालकाने स्वतः न वापरता भाड्याने दिलं तर सोसायटीला जे जादा शुल्क घेता येतं, त्यावर राज्य सरकारने २००१ मध्ये सेवा शुल्काच्या १० टक्क्यांची मर्यादा घातली आणि ती मुंबई उच्च न्यायालयात टिकली. भाडेकरू विवाहित असो नसो, शुल्क तेवढंच. पण २००५ मध्ये अहमदाबादच्या पारशी सोसायटीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं, की सोसायटी आपल्या उपविधीत सभासदत्व एका समाजापुरतं ठेवू शकते. ते प्रकरण सभासदत्वाचं आणि धर्माचं होतं, भाडेकरूच्या लग्नाचं नव्हतं. तरीही सेक्रेटरीकाकांनी त्यातून हवं ते उचललं, असं मला वाटतं.

अमेरिकेत १९६८ च्या घरांबाबतच्या कायद्यात १९८८ साली दुरुस्ती झाली आणि लहान मुलं आहेत म्हणून घर नाकारणं बेकायदा ठरलं. आपल्याकडे मार्च २०१७ मध्ये शशी थरूर यांनी लोकसभेत भेदभावविरोधी खासगी विधेयक मांडलं. त्यात वैवाहिक स्थिती होती, घर भाड्याने देणंही होतं, इतकंच काय, खाण्याच्या सवयीही होत्या. मुंबईत घर शोधताना ज्यांना "नॉनव्हेज खाता का?" विचारलंय, त्यांच्यासाठी खास! विधेयक मंजूर झालं नाही.

मग आपल्या हाती काय? मुंबई उच्च न्यायालयाचं २०१४ चं एक प्रकरण सांगते. रॉकेलच्या किरकोळ विक्रीचा परवाना. परवानाधारक वारला तर तो कुटुंबाच्या नावावर करता येई आणि सरकारी व्याख्येत कुटुंब म्हणजे मुलगा, अविवाहित मुलगी वगैरे. विवाहित मुलगी बाहेर, मुलगा विवाहित असला तरी आत. एका मुलीने याला आव्हान दिलं. उच्च न्यायालयाने सांगितलं, लग्न झाल्याने मुलगी आईवडिलांच्या कुटुंबातून वजा होत नाही, हा भेद संविधानात बसत नाही. अनुकंपा तत्त्वावरच्या नोकरीतही आपल्या राज्यात असाच वाद झाला आणि २०१३ मध्ये सरकारी निर्णय निघून विवाहित मुलीला काही अटींवर जागा मिळाली. रॉकेलचं दुकान आता कुणाला आठवतंय? पण 'कुटुंब' या सरकारी शब्दाची व्याख्या तिथे बदलली.

आता एक काम तुमच्यासाठी. आजीचं, आत्याचं, मावशीचं जुनं नेमणूकपत्र घरात असेल तर काढा. टपाल, टेलिफोन, बँक, दवाखाना, कारखाना, कुठलंही. खालच्या बारीक अटी वाचा. लग्नाबद्दल काही सापडलं तर त्यांना विचारून, नावं झाकून फोटो पाठवा. आणि स्वतःच्या ११ महिन्यांच्या करारातल्या अटीही पाठवा, ज्यात 'फॅमिली', 'पाहुणे', 'लेडीज' किंवा 'जेन्ट्स' असे शब्द आहेत. पुढच्या भागात दोन्ही कागद शेजारी ठेवून वाचूया.